रस्ते अपघातातील मृत्यू, निष्काळजीपणा आणि नुकसानभरपाईचा दावा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

घरातले माणूस रस्ते अपघातात गेल्यानंतर पहिल्या पंधरा दिवसांत कुणालाही कायद्याचा विचार सुचत नाही, आणि नेमक्या त्याच पंधरा दिवसांत दाव्याचा निम्मा पुरावा हातातून निसटतो. महाराष्ट्रातील न्यायाधिकरणांसमोर ही कामे चालवताना कुटुंबांकडून आम्हाला जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारले जातात, त्यांची उत्तरे येथे दिली आहेत. प्रत्येक प्रकरणाची वस्तुस्थिती वेगळी असल्याने अर्ज दाखल करण्यापूर्वी आपली कागदपत्रे वकिलाला प्रत्यक्ष दाखवावीत.

पोलिसांनी गुन्हा नोंदवला आहे. मग भरपाईसाठी वेगळे काही करावे लागते का?

होय. चालकाविरुद्ध भारतीय न्याय संहितेच्या कलम १०६(१) खाली चालणारा खटला हा शासन विरुद्ध आरोपी असा असतो. त्यात पाच वर्षांपर्यंत कारावासाची शिक्षा होऊ शकते, परंतु त्यातून कुटुंबाला भरपाई मिळेल असे गृहीत धरू नये. भरपाईचा मार्ग मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम १६६ खाली मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे जातो. जिल्हा न्यायालयातच हे न्यायाधिकरण बसते.

ही दोन्ही कामे स्वतंत्र चालतात आणि त्यांचे मापही वेगळे असते. फौजदारी न्यायालयात दोष निःसंशय सिद्ध व्हावा लागतो, तर न्यायाधिकरणासमोर दोन्ही बाजूंच्या पुराव्यात कोणती बाजू अधिक संभाव्य वाटते एवढेच पाहिले जाते. त्यामुळे फौजदारी खटल्यातून चालक निर्दोष सुटला म्हणून भरपाईचा दावा आपोआप फेटाळला जात नाही. "आरोपी सुटला, आता काही मिळणार नाही" असे सांगून अनेक कुटुंबांना घरी बसवले जाते आणि ते सर्वस्वी चुकीचे आहे.

दावा किती दिवसांत दाखल करावा?

अपघाताच्या तारखेपासून सहा महिन्यांत. २०१९ च्या दुरुस्तीने कलम १६६(३) मध्ये घातलेली ही मुदत १ एप्रिल २०२२ पासून अमलात आहे. त्यापूर्वी अनेक वर्षे मुदतीचे बंधन नव्हते, म्हणून गावातले जाणते लोक आजही "केव्हाही करता येतो" असा सल्ला देतात. तो आता जुना झाला आहे. या मुदतीच्या वैधतेला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले गेले आहे; सहा महिने उलटून गेले असतील तरी वकिलाला भेटल्याशिवाय आशा सोडू नये, आणि उलटले नसतील तर त्या आव्हानाच्या भरवशावर थांबू नये.

अर्ज अपघात जिथे झाला तिथेच करावा लागतो असेही नाही. कुटुंब राहते त्या जिल्ह्यातही तो चालतो. सोलापूरच्या माणसाचा मृत्यू गोव्यात किंवा कर्नाटकात झाला, तरी त्याच्या पत्नीला सोलापुरातच दावा लावता येतो.

पोलीस स्वतःहून न्यायाधिकरणाला काही कळवतात का?

कळवणे त्यांच्यावर बंधनकारक आहे. २०२२ पासून लागू असलेल्या केंद्रीय नियमांप्रमाणे तपास अधिकाऱ्याने अपघाताचा पहिला अहवाल ४८ तासांत न्यायाधिकरणाला आणि विमा कंपनीला द्यायचा असतो, आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत. कायद्याने या अहवालालाही दावा अर्ज समजण्याची तरतूद केलेली आहे. तरीही स्वतःचा अर्ज स्वतः दाखल करावा, असेच आम्ही सांगतो. मृत व्यक्ती काय कमावत होती, तिच्यावर कोण अवलंबून होते, घरात म्हातारी आई आहे की शिकणारी बहीण, हे तपास अधिकाऱ्यापेक्षा तुम्हीच नीट सांगू शकता.

निष्काळजीपणा सिद्ध करायचा म्हणजे नेमके काय करायचे?

समोरच्या चालकाने वाजवी काळजी घेतली नाही आणि त्यामुळेच हा मृत्यू झाला, या दोन गोष्टी दाखवाव्या लागतात. प्रत्यक्षदर्शी साक्षीदार असेल तर काम सोपे होते, पण रात्रीच्या अपघातात तो बहुधा नसतोच. अशा वेळी घटनास्थळाचा पंचनामा बोलतो.

पंचनामा हा कुटुंबांकडून सर्वात दुर्लक्षित राहणारा कागद आहे. तो मिळताच एका जागी बसून शब्द न् शब्द वाचावा. रस्त्याची रुंदी किती लिहिली आहे, टायर घासल्याच्या खुणा कुठून कुठपर्यंत आहेत, गाड्या कोणत्या बाजूला तोंड करून थांबल्या होत्या, हे सगळे त्यात असते. एका दुचाकीस्वाराच्या प्रकरणात ट्रकमालकाचे म्हणणे होते की दुचाकीच आडवी आली. पंचनाम्यात मात्र एक साधे वाक्य होते: काचांचा चुरा आणि रक्ताचे डाग दुचाकीच्या जाण्याच्या दिशेने डाव्या कडेपासून चार फुटांवर. रस्ता चोवीस फुटी होता. म्हणजे दुचाकी आपल्या बाजूला, जवळजवळ साइडपट्टीलगत होती आणि ट्रक मध्य ओलांडून तिथे आला होता. उलटतपासणीत त्या एका वाक्यापुढे ट्रकचालकाला काही सांगता आले नाही.

पंचनाम्याखेरीज प्रथम खबर, दोषारोपपत्र, शवविच्छेदन अहवाल आणि वाहनाचा आरटीओ तपासणी अहवाल यांच्या प्रमाणित प्रती काढून घ्याव्यात. गाडीचे कोणते अंग चेपले आहे हे आरटीओ अहवालात असते, आणि ब्रेक निकामी झाल्याची सबब खरी की खोटी तेही बऱ्याचदा त्यातूनच उघड होते. टोलनाका, पेट्रोल पंप किंवा ढाब्यावरच्या कॅमेऱ्याचे चित्रीकरण काही दिवसांतच पुसले जाते. ते जप्त करावे अशी लेखी मागणी तपास अधिकाऱ्याकडे करून अर्जाच्या प्रतीवर पोहोच घ्यावी. असे चित्रीकरण न्यायालयात देताना भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे प्रमाणपत्र जोडावे लागते. ते राहून गेल्यास चांगला पुरावाही अडकून पडतो.

दोषी चालक साक्षीच्या पिंजऱ्यात आलाच नाही, तर न्यायाधिकरण त्याच्याविरुद्ध अनुमान काढू शकते. हा मुद्दा युक्तिवादात आवर्जून मांडावा.

रस्त्यात उभ्या असलेल्या वाहनावर आदळून मृत्यू झाला. मग चूक आमच्याच माणसाची धरतात का?

विमा कंपनी तसे म्हणतेच. पण अंधारात, मागचा दिवा किंवा रिफ्लेक्टर न लावता, रस्त्यावरच वाहन उभे करणे हा स्वतःच निष्काळजीपणा आहे. गळीत हंगामात ऊस भरलेल्या ट्रॉल्या पंक्चर होऊन रात्रभर रस्त्यातच राहतात, मागे एक दगड आणि झाडाची फांदी ठेवलेली असते, आणि कारखान्याच्या वाटेवर दरवर्षी तरुण मुले त्यांवर जाऊन आदळतात. अशा प्रकरणात रिफ्लेक्टर होता की नव्हता याची नोंद पंचनाम्यात आहे का, ते सर्वप्रथम पाहावे. ट्रॅक्टर आणि ट्रॉली या दोन्हींच्या विम्याचे कागद मागावेत, कारण ट्रॉलीचा वेगळा विमा नसल्याची हरकत विमा कंपनी हमखास घेते.

हेल्मेट नव्हते, किंवा दुचाकीवर तिघे होते. मग दावा बुडाला का?

बुडत नाही. तो नियमभंग आहे हे खरे, परंतु त्यामुळे अपघात झाला किंवा इजा वाढली असा संबंध पुराव्याने दाखवल्याशिवाय केवळ तेवढ्यावरून मृत व्यक्तीवर दोष टाकता येत नाही. तिघे बसले होते एवढ्यावरून सहभागी निष्काळजीपणा, म्हणजे अपघातात मृताचीही चूक, ठरत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये स्पष्ट केले आहे. जिथे मृत व्यक्तीचीही काही चूक खरोखर आढळते, तिथे न्यायाधिकरण टक्केवारी ठरवते आणि तेवढी रक्कम वजा करते. समोरासमोरची धडक म्हणजे निम्मी-निम्मी चूक, असाही नियम नाही.

दोन वाहनांच्या चुकीत तिसऱ्याच माणसाचा, उदाहरणार्थ बसमधील प्रवाशाचा, मृत्यू झाला असेल तर स्थिती वेगळी असते. त्या प्रवाशाची काहीच चूक नसते. त्याच्या कुटुंबाला दोहोंपैकी कोणत्याही एका वाहनाच्या मालकाकडून आणि विमा कंपनीकडून पूर्ण रक्कम मागता येते. त्यांचा आपसातला हिशेब त्यांनी नंतर करावा.

भरपाईची रक्कम कशी ठरते?

यासाठी सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल पायाभूत आहेत. २००९ च्या सरला वर्मा निकालाने वयानुसार गुणक, म्हणजे वार्षिक रकमेला ज्याने गुणायचे तो आकडा, आणि वैयक्तिक खर्चाची वजावट ठरवून दिली. ३१ ऑक्टोबर २०१७ च्या प्रणय सेठी निकालात घटनापीठाने भविष्यातील उत्पन्नवाढ आणि इतर शीर्षकांखालील रकमा निश्चित केल्या. न्यायालयाच्या आवारात वकील ही दोनच नावे घेऊन हिशेब मांडताना दिसतील.

समजा, ३४ वर्षांचा माणूस खासगी कंपनीत दरमहा २५,००० रुपये ठरावीक पगारावर होता आणि मागे पत्नी, दोन मुले व आई आहेत. वार्षिक उत्पन्न ३,००,००० रुपये होते. वय चाळीसच्या आत असल्याने ठरावीक पगारदार किंवा स्वयंरोजगार असलेल्यांसाठी त्यात ४० टक्के वाढ धरतात, म्हणजे ४,२०,००० रुपये. कायम नोकरी असती तर ही वाढ ५० टक्के धरली असती. अवलंबून असलेले चार जण असल्याने मृताच्या स्वतःच्या खर्चासाठी एक चतुर्थांश वजा होतो आणि ३,१५,००० रुपये उरतात. ३१ ते ३५ वयोगटाचा गुणक १६ आहे, म्हणून ही रक्कम ५०,४०,००० रुपये होते. त्यात जोडीदार, पालक किंवा अपत्याच्या सहवासाला मुकल्याबद्दल प्रत्येकी मूळ ४०,००० रुपये, आणि संपत्तीची हानी व अंत्यविधीचा खर्च यांसाठी प्रत्येकी मूळ १५,००० रुपये मिळवतात. या मूळ रकमा दर तीन वर्षांनी १० टक्क्यांनी वाढतात. २०२० आणि २०२३ मधील वाढ धरली तर त्या अनुक्रमे ४८,४०० आणि १८,१५० रुपये होतात. चौघांचे १,९३,६०० आणि उरलेल्या दोन बाबींचे ३६,३०० मिळवून एकूण ५२,६९,९०० रुपये, आणि त्यावर व्याज. याच माणसाची चूक २० टक्के ठरली असती, तर हातात ४२,१५,९२० रुपये आले असते. वीस टक्क्यांच्या वादासाठी विमा कंपनी इतकी का झगडते, ते यावरून कळेल.

अविवाहित व्यक्तीच्या बाबतीत साधारणपणे निम्मे उत्पन्न वजा होते. वय वाढते तसा गुणक उतरतो: ४१ ते ४५ साठी १४, ५१ ते ५५ साठी ११ आणि ६५ च्या पुढे ५.

पगाराची स्लिप नाही. शेती, दूध आणि मजुरीवर घर चालत होते. उत्पन्न कसे दाखवायचे?

आमच्या मते खेड्यापाड्यांतले सर्वात मोठे नुकसान येथेच होते. कागद नसला की न्यायाधिकरणाला किमान वेतनाच्या आसपासचे अंदाजी उत्पन्न धरावे लागते आणि त्या अंदाजाला पुढे सोळाने किंवा सतराने गुणले जाते.

एका बाईंनी नवऱ्याच्या मागे जपलेल्या दूध संकलन केंद्राच्या चिठ्ठ्या पिशवीत भरून आणल्या होत्या. सकाळ-संध्याकाळचे लिटर, फॅट, एसएनएफ आणि दर, दहा-दहा दिवसांच्या बिलांसकट, दोन वर्षांचे. "फेकून देणार होते," म्हणाल्या. त्या चिठ्ठ्या बँकेच्या पासबुकाशी जुळवून केंद्राच्या सचिवाची साक्ष घेतली, तेव्हा कुठे दुधाचे उत्पन्न मान्य झाले. अशा चिठ्ठ्या, बाजार समितीतील आडत्याच्या पट्ट्या, कारखान्याची ऊसबिले, पीककर्जाचा उतारा, मुकादमाची वही, रिक्षाचे परमिट, मोबाइलवर आलेल्या पैशांच्या नोंदी, यांतले काहीही टाकू नये.

केवळ सातबारा उतारा जोडून भागत नाही, हेही लक्षात ठेवावे. जमीन कुटुंबाकडेच राहिली, मग नुकसान काय, असा प्रश्न विमा कंपनीचा वकील विचारतो आणि न्यायालयांनीही हा विचार मान्य केला आहे. म्हणून मृत व्यक्ती स्वतः शेतात कोणते काम करत होती, देखरेख कशी ठेवत होती आणि आता त्यासाठी किती मजुरी मोजावी लागते किंवा जमीन वाट्याने द्यावी लागली का, ते सांगावे.

गृहिणीच्या मृत्यूची भरपाई मिळते का?

निश्चित मिळते. घरकामाला पैशात मोल आहे आणि गृहिणीचे काल्पनिक उत्पन्न धरून, त्यात भविष्यातील वाढही मिळवून भरपाई द्यावी, ही भूमिका सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये ठामपणे घेतली आहे. पण अर्जात "मृत ही गृहिणी होती" एवढी एकच ओळ लिहून थांबू नये. ती पहाटे किती वाजता उठत होती, गुरांचे कोण पाहत होते, शिवणकाम किंवा बचत गटाचे काम होते का, सासऱ्यांच्या आजारपणात कोण उठबस करत होते, ते सगळे शपथपत्रात यावे. मुलांच्या मृत्यूतही काल्पनिक उत्पन्न धरूनच भरपाई काढतात.

दावा कोण करू शकते?

मृत व्यक्तीचा कायदेशीर प्रतिनिधी, आणि या शब्दाचा अर्थ न्यायालये व्यापक लावतात. पत्नी, मुले व आई-वडील तर आहेतच, शिवाय जावयाकडे राहून त्याच्यावर अवलंबून असलेल्या सासूलाही सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये हा हक्क मान्य केला. लग्न झालेली, कमावती मुलेसुद्धा अर्जदार होऊ शकतात. त्यांचे अवलंबित्व किती हा पुढचा प्रश्न. त्यासाठी दिवाणी न्यायालयातून वारस दाखला आणण्याची गरज सहसा पडत नाही. सासर आणि माहेर यांच्यात भांडण असेल तरी सर्वांनी एकाच अर्जात यावे, वाटणी न्यायाधिकरण करते.

एलआयसीचे पैसे आणि फॅमिली पेन्शन मिळाली. ती रक्कम वजा होईल का?

नाही. महाराष्ट्र राज्य मार्ग परिवहन महामंडळाविरुद्धच्या एका अपिलात सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्येच सांगितले की आयुर्विम्याची रक्कम मृत व्यक्तीने स्वतः हप्ते भरून मिळवलेली असते, तिचा लाभ अपघात करणाऱ्याला देता येणार नाही.

चालकाकडे योग्य लायसन्स नव्हते म्हणून विमा कंपनी हात वर करते. मग?

बाहेरच्या व्यक्तीचा मृत्यू झालेला असताना, लायसन्सच्या वादात न्यायाधिकरणे साधारणपणे विमा कंपनीला आधी रक्कम भरायला लावतात आणि नंतर ती मालकाकडून वसूल करण्याची मुभा देतात. शिवाय हलक्या वाहनाचे लायसन्स असलेला चालक ७,५०० किलोपर्यंतचे प्रवासी किंवा मालवाहू वाहन चालवू शकतो, हे घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये निश्चित केल्याने ही हरकत आता पुष्कळ ठिकाणी टिकत नाही.

दोन बाबतींत मात्र अडचण खरी असते. मालवाहू टेम्पोत फुकट बसलेल्या प्रवाशांची, म्हणजे वऱ्हाडाची किंवा जत्रेला निघालेल्या भाविकांची, जोखीम विमा कंपनीवर सहसा येत नाही आणि दावा मालकावर उरतो. तसेच दुचाकीवर मागे बसलेल्याचा विमा फक्त थर्ड पार्टी पॉलिसीत नसतो, तो पॅकेज पॉलिसीत, म्हणजे स्वतःच्या वाहनाच्या नुकसानीचाही विमा असलेल्या पॉलिसीत, असतो. म्हणून पॉलिसीची पूर्ण प्रत, अटींच्या पानांसकट, मिळवावी.

एसटीच्या गाड्यांच्या बाबतीत दावा थेट महामंडळावर लावला जातो. गाडी विकली गेली असेल पण आरसीवर नाव जुन्याच मालकाचे असेल, तर कायद्याच्या दृष्टीने मालक तोच. दोघांनाही सामनेवाले करावे.

आमचा माणूस स्वतःच गाडी चालवत होता आणि चूक त्याचीच होती. काहीच मिळणार नाही का?

कलम १६६ खाली स्वतःच्या चुकीबद्दल भरपाई मागता येत नाही. परंतु गाडी त्याच्या नावावर असेल, तर पॉलिसीत मालक-चालकासाठी १५ लाख रुपयांचे वैयक्तिक अपघात संरक्षण आहे का ते तपासावे. कित्येक कुटुंबांना याची माहितीच नसते.

धडक देऊन वाहन पळून गेले आणि सापडत नाही.

अशा मृत्यूसाठी १ एप्रिल २०२२ पासूनच्या योजनेत २ लाख रुपये मिळतात. अर्ज न्यायाधिकरणाकडे न करता उपविभागीय अधिकारी किंवा तहसीलदारांकडे करायचा आणि मंजुरी जिल्हाधिकारी देतात. पुढे वाहन सापडून कलम १६६ खाली भरपाई मिळाली, तर ही रक्कम परत करावी लागते. ती घेतल्यामुळे पुढचा मार्ग बंद होत नाही.

खड्ड्यामुळे मृत्यू झाला, समोर दुसरे वाहनच नव्हते.

मुंबई उच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२५ मध्ये खड्डे आणि उघड्या गटारांमुळे होणाऱ्या मृत्यूंसाठी ६ लाख रुपये भरपाई देण्याचे आदेश संबंधित यंत्रणांना दिले. खड्ड्याचे माप, त्याच दिवशीचे छायाचित्र आणि पंचनाम्यात खड्ड्याचा उल्लेख, या तीन गोष्टी पहिल्याच दिवशी पाहाव्यात. दुसऱ्या दिवशी तिथे मुरूम पडलेला असतो.

विमा कंपनीचा माणूस लगेच ५ लाख देतो म्हणतो. घ्यावेत का?

कलम १६४ खाली कुणाची चूक होती हे सिद्ध न करता मृत्यूबद्दल ५ लाख रुपये मिळतात. ज्या प्रकरणात निष्काळजीपणाचा पुरावाच नाही, तिथे ही तरतूद मोठा आधार आहे. पण ही रक्कम रीतसर स्वीकारली की न्यायाधिकरणापुढचा दावा संपतो. वरच्या उदाहरणातील कुटुंबाने पाच लाखांवर सही केली असती तर काय गमावले असते, हे पाहूनच निर्णय घ्यावा. तेराव्याच्या आत कुणाच्याही कागदावर, मग तो वाहनमालक ओळखीचा असो की नात्यातला, सही करू नये.

वकिलाची फी भरपाईच्या टक्केवारीत ठरवणे योग्य आहे का?

नाही. दाव्याच्या रकमेत हिस्सा ठरवण्यास बार कौन्सिलच्या नियमांनीच मनाई केली आहे. इस्पितळाच्या दारात येऊन टक्केवारी बोलणाऱ्या दलालाला थारा देऊ नये. स्त्रिया, मुले आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो, आणि त्यासाठी उत्पन्नाची अट नाही.

निकाल लागला. पैसे केव्हा आणि कसे मिळतात?

निवाड्यानंतर ३० दिवसांत रक्कम जमा करायची असते. ती झाली नाही, तर न्यायाधिकरणाच्या दाखल्यावरून जिल्हाधिकारी जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसुली करू शकतात. पत्नीला काही रक्कम थेट खात्यात मिळते आणि उरलेली बहुधा राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवतात. अल्पवयीन मुलांचा वाटा ती सज्ञान होईपर्यंत ठेवीतच राहतो. शिक्षण, आजारपण किंवा घराची दुरुस्ती अशी खरी गरज असेल तर कागद जोडून मुदतीपूर्वी रक्कम काढण्याचा अर्ज करता येतो आणि तो सहसा मंजूर होतो.

रक्कम कमी वाटली तर ९० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते, मात्र वादातील रक्कम एक लाखाच्या वर असावी लागते. विमा कंपनी अपिलात गेली तर तिला आधी काही रक्कम भरावी लागते. तेवढ्याने संपूर्ण निवाड्याला आपोआप स्थगिती मिळत नाही, हे ध्यानात घेऊन जमा झालेली रक्कम काढण्याचा अर्ज लगेच द्यावा.